कान सावरगावचा, तोंड पांढुर्ण्याचं

सुखदेवा, काल एक-एक बरोबरी झाली.

निकाल आधी सांगून टाकला. तुझी तीच रीत होती. मी संत्र्याच्या पेटीवर चढून घसा साफ करायला लागलो, की तू खालून म्हणायचास, "पहिले निकाल सांग लेका, मंग नाटक कर." सामना अजून सुरू व्हायचा असे, खेळाडू मैदानात आलेले नसत, आणि तुला निकाल पाहिजे. मी तो कुठून आणायचा, हे तू इतक्या वर्षांत कधी सांगितलं नाहीस.

आज दुकान उघडलेलं नाही. घसा पार बसलाय. कालचा सगळा वेळ उभा होतो म्हणून गुडघेही कुरकुरतायत. बारदान्याच्या थप्पीवर पाय पसरून हे लिहायला बसलोय. आमच्या घरचीनं दोनदा डोकावून पाहिलं. दुसऱ्यांदा म्हणाली, "ज्याले लिहून राहिले, तो वाचणार हाये का?" मी म्हणालो, "होता तेव्हा तरी तो माझं कुठं ऐकत होता?" ती चहा ठेवून गेली. थकलोय गा, सुखदेवा. तू गेल्याला महिना व्हायचाय, आणि मला वाटतं मी वर्षभर कुणाशी तरी भांडत उभा आहे, आणि समोर कुणीच नाही.

तुला आठवतं, तू पहिल्यांदा मंडीच्या शेडमध्ये आलास तो दिवस? पावसाळ्यात संत्र्याची मंडी रिकामी. माझ्या रिकाम्या पेट्या तेवढ्या एका कोपऱ्यात रचलेल्या. मी पेट्या मोजायला आलो, तर तू, सावरगावचा सुखदेव, बंगालातून बदली होऊन नुकताच आपल्या स्टेशनावर रुळांचे काटे बदलायला आलेला, माझ्याच पेटीवर बसून रेडिओला कान चिकटवून बसलेला. रेडिओतून एक तार निघालेली, ती थेट शेडच्या टिनाला बांधलेली. मला वाटलं, टिन चोरायचा काही नवा प्रकार असावा.

"काय ऐकून राहिला गा?" मी विचारलं.

"बॉल," तू म्हणालास.

"बॉल ऐकू येते?"

तू हात वर करून मला गप्प केलंस. मग म्हणालास, "उजवीकडून." बऱ्याच वेळानं, "गेला."

"कोण गेला?"

"बॉल."

"कुठी गेला?"

"बाहीर."

आणि पुन्हा कान रेडिओला. माझ्यासारख्या माणसाला, ज्यानं गणपतीतल्या नाटकात दरवर्षी राजाचं काम केलं आणि एकदा राजा मेल्यावरही पडद्यामागून भाषण चालू ठेवलं, त्याला एवढ्यावर भागेल का? हजारो माणसं ओरडतायत, तो कल्लोळ मला तुझ्या कानाशेजारीसुद्धा ऐकू येतोय, आणि तू म्हणतोस, बाहेर. तितक्यात दोन हमाल पावसातून आत शिरले. त्यांनी मला विचारलं, काय चाललंय. आणि मी सांगितलं. उजवीकडून कसा एक काटकुळा पोरगा बॉल घेऊन निघाला, दोघांना कसं चुकवलं, आणि गोलकीपर कसा उभा होता, तर मुलगी पाहायला आलेल्या पाहुण्यांना दारातच अडवणाऱ्या सासऱ्यासारखा, दोन्ही हात पसरून. हमाल तिथंच बसले. तू रेडिओवरून डोकं उचललंस आणि माझ्याकडे असं पाहिलंस, जसं रुळावर म्हैस आल्यावर पाहात असशील.

"तो काटकुळा हाये हे तुले कोणी सांगितलं?"

"मंग जाडा हाये का?"

"मले नाही मालूम."

"मंग काटकुळाच राहू दे ना."

आपलं पहिलं भांडण ते. शेवटचंही तेच, फक्त मधे माणसं वाढत गेली.

पुढच्या सामन्याला ते हमाल आणखी चौघांना घेऊन आले, मग कापसाचे गाडीवान, मग नगरपालिकेतले बाबू. कलकत्त्याच्या त्या दोन मोठ्या फुटबॉल क्लबांची नावं कुणाच्या जिभेवर बसेनात. तू त्यांचे रंग सांगितलेस: एक लाल-पिवळे, एक हिरवे-तांबडे. तेवढ्यावर आपल्या लोकांनी जे केलं ते जगात दुसरीकडे कुठं झालं नसेल. नदीच्या अलीकडचे, म्हणजे आम्ही पांढुर्ण्याचे, लाल-पिवळ्यांचे झालो. पलीकडचे सावरगाववाले हिरव्या-तांबड्यांचे झाले. वर्षातून एक दिवस जाम नदीच्या दोन काठांवरून एकमेकांना दगड मारणारी माणसं आपण, आपल्याला बाजू घ्यायला आणखी कारण कशाला लागतं? शेडच्या मधोमध तू तुझ्या सायकलची चेन टाकलीस, म्हणालास ही नदी. अलीकडे आम्ही, पलीकडे ते. नदीच्या मधोमध तुझी पेटी, तिच्यावर रेडिओ, आणि तू.

आणि मग एक दिवस लाल-पिवळ्यांनी गोल केला, मी तो असा काही रंगवला की आमची माणसं नाचायला लागली, आणि सावरगावचे किसनजी उठून उभे राहिले. किसनजी म्हणजे गोटमारीत, त्या दगडांच्या दिवशी, ज्यांच्या एका हाकेवर त्यांचा काठ मागे हटतो, तो म्हातारा. ते म्हणाले, "हा गोल झाला का केला?"

एखादा दगड कुणी उचलतोय का, हे मी पाहून घेतलं.

तू म्हणालास, "झाला, किसनजी. मी ऐकला."

किसनजी खाली बसले. तू सावरगावचा. तुझ्या काठाच्या विरुद्धचा गोल तू मान्य केलास, तेव्हा तो खराच. त्या दिवसापासून नियम झाला, कुणी लिहिला नाही, पण कुणी मोडलाही नाही: कान सावरगावचा, तोंड पांढुर्ण्याचं. तू ऐकायचंस, मी सांगायचं. आणि किसनजींनी त्यात आणखी एक खुंटी ठोकली. सावरगावचा गोल झाला की मी तो आमच्या गोलाइतक्याच जोरानं ओरडायचा. आवाज कमी पडला तर गोल पुन्हा ओरडून घ्यायचे. एकदा मी हिरव्या-तांबड्यांचा एक गोल तीनदा ओरडलोय, सुखदेवा, आणि माझीच माणसं मला शिव्या देत होती. तू रेडिओवर डोकं ठेवून हसत होतास. तुझे खांदे हलत होते, मी वरून पाहिलं. तू म्हणायचास, खोकला होता.

आणि मग ते कुत्रं.

एका सामन्यात आवाज येईना. शॉर्टवेव्हचं ते तसंच, आवाज लाटेसारखा वर यायचा आणि बुडायचा. तू एक बोट वर करून बसलास, म्हणजे थांबा. सत्तर-ऐंशी माणसं माझ्याकडे पाहतायत. रंगमंचावर असा माणूस किती वेळ उभा राहील? मी म्हणालो, "सामना थांबला आहे मंडळी. मैदानात कुत्रं घुसलं आहे." आणि मग त्या कुत्र्याला मी मैदानभर पळवलं. रेफरी शिट्टी फुंकत मागे, शिपाई काठी घेऊन मागे, आणि कुत्रं थेट सासऱ्याच्या, म्हणजे गोलकीपरच्या, दोन पायांमधून गोलात. आवाज परत येईस्तोवर लोक पोट धरून बसले होते. तू एवढंच म्हणालास, "कॉर्नर."

सामना सुटल्यावर तू तार गुंडाळता गुंडाळता विचारलंस, "कुत्रं कुठून आणलं?"

"कलकत्त्याचंच हाये."

"नव्हतं."

"तुले आवाज येत नव्हता, तुले काय मालूम नव्हतं म्हणून?"

"विनायक, जेवढं झालं तेवढंच सांगत जा. लोकं भरोसा करून राहिले आपल्यावर."

"भरोसा गोलाचा हाये. कुत्र्याचा कायचा भरोसा?"

त्यानंतर आवाज बुडाला की कुत्रं यायचं. लोक वाट पाहायचे. आवाज स्पष्ट असला तर गाडीवान विचारायचे, आज कुत्रं बिमार हाये का भाऊ? आणि दरवेळी सामना संपल्यावर तू तेच एक वाक्य टाकायचास, "कुत्रं नव्हतं." इतकी वर्षं. गोलावर तुझं-माझं कधी भांडण झालं नाही. त्या कुत्र्यावर झालं.

सौसरची गोष्ट सांगितली तर आमच्या घरची अजून हसते. तुझ्या रेडिओचा भोंगा फाटलेला, आवाज वाढवला की नुसता भरभराट, म्हणून तर तू कान चिकटवून ऐकायचास. सौसरला एक कारागीर आहे कळलं म्हणून आपण दोघं बसनं गेलो, आणि दिवस निवडला तो नेमका मोठ्या सामन्याचा. कारागिरानं रेडिओ उघडला, आतडी टेबलावर मांडली, आणि तेवढ्यात सामन्याची वेळ झाली. तू त्याला म्हणालास, "भाऊ, असाच चालू होईन का?" तो झाला. उघड्या पोटानं रेडिओ बोलायला लागला. तू टेबलावर वाकलेला, मी सवयीनं दुकानाच्या पायरीवर चढून ओरडतोय, आणि सौसरचा भर बाजार थांबून बघतोय. एका भाजीवाल्यानं जवळ येऊन फार मायेनं विचारलं, "तुमच्या घरचं कोणी खेळून राहिलं का?" सौसरच्या माणसाला काय सांगणार? त्यांच्याकडे मधे नदी नाही.

भोंगा दुरुस्त झाला. मोठ्या दिमाखात आपण तो शेडमध्ये लावला, आवाज सोडला, आणि सगळ्यांनी पहिल्यांदा ती बांगला भाषेतली कॉमेंट्री स्वतःच्या कानांनी ऐकली. दहा मिनिटं कशीबशी गेली. मग पलीकडून आणि अलीकडून एकदमच हाका सुरू झाल्या, बंद करा ते, विनायकभाऊले सांगू द्या. तू मुकाट्यानं आवाज कमी केलास आणि कान लावलास. मी त्या दिवशी राजासारखा पेटीवर चढलो. तुझ्याकडे पाहिलं, की आता तरी काही म्हणशील. तू म्हणालास, "डावीकडून."

एवढंच मला तुझ्याकडून पाहिजे होतं, सुखदेवा, आता सांगायला हरकत नाही. एकदा तरी म्हणायला हवं होतंस, बरं सांगितलंस लेका. सगळा गाव म्हणायचा. किसनजींनी एकदा माझ्या पाठीवर थाप मारली, ती चार दिवस दुखली. तू मात्र कधीच नाही. मला वाटायचं, खरं ऐकणारा हा एकटा, आणि याला माझं सांगणं खोटं वाटतं. बाकी सगळ्यांना आवडून काय उपयोग?

शेवटी तुझ्याकडे आलो तेव्हा विचारणारच होतो. तू खाटेवर उशाला रेडिओ घेऊन पडलेला. छातीतून आवाज शॉर्टवेव्हसारखाच, येई आणि बुडे. मी म्हणालो, "पोळ्याच्या आधी म्याच हाये. तोवर उठ." तू म्हणालास, "कान चालू हाये अजून. उचलून न्या मले." मी म्हणालो, "सुखदेवा, एक विचारू?" तितक्यात शांतावहिनी चहा घेऊन आल्या, आणि मी चहा प्यायलो. प्रश्न बशीत राहिला. दुसऱ्या दिवशी विचारू म्हटलं. दुसऱ्या दिवशी तू डोळे उघडत नव्हतास.

तुझ्या घरी बुद्धवंदना झाली तेव्हा मी मागच्या रांगेत उभा होतो. कुणीतरी म्हणालं, विनायकभाऊ, दोन शब्द बोला. लोकांनी माझ्यासाठी वाट केली. मी पुढे गेलो, सगळ्या ओळखीच्या चेहऱ्यांकडे पाहिलं, आणि हात जोडून परत मागे आलो. माझा आवाज गेल्याचं गावानं पहिल्यांदा पाहिलं.

मग आठ-दहा दिवसांनी ते सुरू झालं. पोळ्याच्या आधीच्या सामन्याचं काय? गाडीवान विचारायचे, नगरपालिकेतले बाबू विचारायचे. शेवटी किसनजी स्वतः पूल ओलांडून माझ्या दुकानी आले, बारदान्यावर बसले आणि म्हणाले, "सामना करा विनायकभाऊ. पण एक सांगा, कान कोणाचा?"

मी म्हणालो, "मीच ऐकतो, मीच सांगतो."

"कान बी तुमचा, तोंड बी तुमचं? मंग आमचे गोल कोण मोजन?"

"तुमच्यातला कोणी बसवा."

"बांगला कोणाले येते आमच्यात? तो एकटा होता." म्हाताऱ्यानं टोपी काढून मांडीवर ठेवली. "लोकं मानणार नाहीत, भाऊ. तुम्ही खोटं बोलता म्हणून नाही. पण तुम्ही चांगलं सांगता ना, म्हणून."

त्यांचं बरोबर होतं. आणि खरं सांगू, मला सुटल्यासारखंच वाटलं. म्हटलं, बंद करावं. ज्याच्यासाठी सांगत होतो तो गेला. त्याला तसंही आवडत नव्हतं. मी किसनजींना सांगितलं, आता सामना नाही, लोकांना कळवून टाका. ते गेले. मी पेट्यांवर ताडपत्री टाकली.

तरी काल दुपारी पाय शेडकडे वळलेच. म्हटलं, कुणी आलं असेल तर परत पाठवावं. आणि पाहतो तर दोन्ही काठ भरलेले. मधे सायकलची चेन टाकलेली, तुझी पेटी मांडलेली, वर रेडिओ नाही. मी सांगायला तोंड उघडणार, तेवढ्यात दारातून शांतावहिनी आल्या. हातात टॉवेलात गुंडाळलेला रेडिओ.

बाया कुजबुजल्या. पुरुषही कुजबुजले, ते बायांपेक्षा जास्त. महिना नाही झाला अजून, हे माझ्याही कानावर आलं. वहिनींनी चेन ओलांडली, तुझ्या पेटीवर बसल्या, टॉवेल सोडला, आणि तार माझ्या हातात दिली. "भाऊजी, टिनाले बांधा. माझा हात पुरत नाही."

किसनजी उभे राहिले. "सूनबाई, तू ऐकणार?"

"मी नाही तर कोण?"

"पण बाईमाणूस..."

"कान सावरगावचा पाहिजे ना, मामाजी?" त्यांनी पदर कानामागे सारला. "हा सावरगावचाच हाये. लग्न होऊन आली तेव्हापासून."

किसनजी बसले. मी तार टिनाला बांधली.

वहिनींनी काटा फिरवला, नेमका तिथंच आणला, आणि कान लावला. मी तुझ्या त्या दोन शब्दांची वाट पाहत होतो. आणि वहिनी बोलायला लागल्या. "तो म्हणते, पाऊस आत्ताच थांबला. मैदानात चिखल हाये. लोकं छत्र्या मिटून राहिले. तो म्हणते, हिरव्यांचा एक जण आज लंगडत आला, डाक्टरनं नाही म्हटलं होतं."

सुखदेवा, छत्र्या! इतकी वर्षं तिथं छत्र्या होत्या आणि तू मला एक छत्री दिली नाहीस!

मी खाली वाकून हळूच म्हणालो, "वहिनी, सुखदेव तर एवढं सांगत नसे."

त्यांनी कान न काढता उत्तर दिलं. "त्यायले बांगला कुठं येत होती भाऊजी? तिकडं बंगालात नळावर, बाजारात, समदीकडं मीच बोलत जाऊ. त्यायले चार शब्द येत. उजवं, डावं, बाहीर, आन् गोल."

मी सरळ झालो. इतकी वर्षं मला वाटत होतं की तू कंजूस आहेस. जेवढं झालं तेवढंच सांगत जा, म्हणायचास. तू तर जेवढं कळलं तेवढंच सांगत होतास, त्यात एक अक्षर वाढवत नव्हतास. चार शब्दांवर दोन गावांचा भरोसा सांभाळून बसला होतास, आणि कुणाला कळू दिलं नाहीस.

मी पेटीवर चढलो. आणि मनाशी ठरवलं की आज सुखदेवाच्या रीतीनं सांगायचं. जेवढं झालं तेवढंच. वहिनी सांगतील तेवढं, तसंच, वर फोडणी नाही. काटकुळा नाही, सासरा नाही. कुत्रं घरी ठेवलं. मधे दोनदा आवाज बुडाला, वहिनींनी बोट वर केलं, अगदी तुझ्यासारखं. सगळे माझ्याकडे पाहत होते. मी म्हणालो, "आवाज गेला आहे. थांबा." आणि थांबलो. एका गाडीवानानं शेजाऱ्याला कोपर मारलं, मी पाहून न पाहिल्यासारखं केलं.

हिरव्या-तांबड्यांचा गोल आधी झाला. वहिनी म्हणाल्या, "गोल. आपला." सावरगाव ओरडलं नाही, सगळे वहिनींकडेच बघत राहिले. म्हणून मी ओरडलो. पोटातून ओरडलो, घसा तिथंच फाटला, किसनजींनी दुसऱ्यांदा ओरडायला लावलं नाही. आणि मग बऱ्याच वेळानं, सगळं संपत आलं असताना, वहिनींनी डोकं उचललं आणि पलीकडच्या आपल्या माणसांकडे पाहून, अगदी सरळ आवाजात म्हणाल्या, "गोल. त्यायचा." कुणी विचारलं नाही, झाला का केला.

सामना सुटला. दोन्ही काठांनी एकमेकांना हात केले. लोक उठायला लागले. मी पेटीवरून उतरून तिच्यावरच बसलो, म्हटलं झालं, सुखदेवा, तुझ्या मनासारखा एक सामना सांगून झाला. आता पुन्हा नाही. वहिनी तार गुंडाळत होत्या. गुंडाळता गुंडाळता थांबल्या.

"भाऊजी, हा दुसरा माणूस होता का?"

"कोण?"

"रेडिओतला. हा तर नुसता चिखल चिखल करून राहिला. पहिला लय चांगला सांगे."

"पहिला कोणता?"

"हे घरी आले की समदी म्याच सांगत ना मले. मी भाकरी टाकू, आन् हे चुलीपाशी बसून सांगत. तो काटकुळा पोरगा, तो गोलकीपर दारात उभ्या सासऱ्यासारखा. हात पसरून दाखवत, हे असे. मी म्हणू, किती छान सांगते तो रेडिओवाला. हे म्हणत, हो ना, लय छान सांगते." त्यांनी तार मांडीवर ठेवली. "आन् कुत्रं? आज कुत्रं आलंच नाही. हे तर हर म्याचले सांगत, आज बी कुत्रं घुसलं म्हणून. आज मी तेच ऐकाले आली होती."

चोर! सुखदेवा, चोर! माझ्या तोंडावर कुत्रं नव्हतं म्हणायचास, आणि तेच कुत्रं पूल ओलांडून दरवेळी घरी न्यायचास! माझा सासरा न्यायचास, हातवारे न्यायचास, आणि श्रेय कलकत्त्याच्या त्या चिखलवाल्याला देऊन मोकळा व्हायचास! मला एकदा, फक्त एकदा म्हणाला असतास तर तुझं काय जात होतं?

मी उठून उभा राहिलो. वहिनी माझ्याकडे पाहत राहिल्या. हळूहळू त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी उमटलं. त्यांनी रेडिओकडे पाहिलं, पेटीकडे पाहिलं, मग पुन्हा माझ्याकडे.

"भाऊजी," त्या म्हणाल्या, "तो रेडिओवाला..."

दारापर्यंत गेलेले गाडीवान थांबले होते. किसनजी काठीवर रेलून उभे होते. कुणी हसत नव्हतं, पण सगळे जागच्या जागी होते.

मला फार दमायला झालं होतं. घसा गेलेला. सामना संपला होता, निकाल लागला होता, आता कुणाला काही सांगायची गरज नव्हती.

"आलं होतं, वहिनी," मी म्हणालो. आवाज कसला, नुसती घरघर. "दोनदा आवाज बुडाला ना, तेव्हाच आलं होतं. बसा."

त्या बसल्या. लोक चेन ओलांडून जवळ आले, यावेळी कोण कुठल्या काठाचा हे कुणी पाहिलं नाही. आणि मी कुत्र्याला मैदानात सोडलं.